यमुनाबाईच्या गावाचं स्टेशन

तंजावर जंक्शनवरून समुद्राच्या दिशेनं निघणाऱ्या पॅसेंजरमध्ये बसलात, की स्टेशनं अशी येतात : कुडिकाडू, सालियमंगलम, अम्मापेट्टै, कोविलवेण्णी आणि मग नीडामंगलम. अंतर फार नाही, तीसेक किलोमीटर. दोन्ही बाजूंना भाताची खाचरं, मध्येच नारळाची रांग, मध्येच एखादा कालवा. डोंगर नावाला नाही. कोकणातल्या किंवा घाटातल्या गाडीची सवय असलेल्या माणसाला ही सपाटी जरा चमत्कारिकच वाटते. खिडकीतून जेवढं दिसतं, तेवढं सगळं हिरवं आणि आडवं.

नीडामंगलमचं स्टेशन लहान आहे. पिवळ्या पाटीवर तमिळ, हिंदी आणि इंग्रजी अशा तीन लिप्यांत गावाचं नाव. मराठी माणसाला त्या नावात ओळखीचं काही सापडत नाही, आणि तो पुढे तिरुवारूरला किंवा वेलांकण्णीला निघून जातो.

पण या गावाला दुसरं एक नाव आहे : यमुनांबाळपुरम. तमिळमध्ये थोर बाईच्या नावाला ‘अंबाळ’ किंवा ‘अम्माळ’ जोडतात. तो भाग काढला की उरते आपली यमुनाबाई. तंजावरचे मराठा राजे प्रतापसिंह यांची ही राणी. तिच्या नावानं या गावात वाटसरूंसाठी एक मोठं अन्नछत्र उभं राहिलं आणि गावालाही तिचं नाव मिळालं. पुढे रेल्वे आली. तिनं पाटीवर लिहिलं ते जुनं नाव, नीडामंगलम. माझा अंदाज असा, की तिकिटावर आणि वेळापत्रकात जे नाव छापलं जातं, तेच शेवटी लोकांच्या तोंडी उरतं. यमुनाबाई मागे पडली त्यात रेल्वेचाही थोडा वाटा असावा.

राजा, राणी आणि रस्ता

तंजावरला मराठे कसे गेले, हे शाळेत दोन ओळींत संपतं. शिवाजी महाराजांचे सावत्र बंधू व्यंकोजी, म्हणजे एकोजीराजे, यांनी १६७५-७६ च्या सुमारास तंजावर ताब्यात घेतलं. त्यानंतर जवळजवळ १८० वर्षं कावेरीच्या या सुपीक मुलुखात भोसल्यांची गादी होती. प्रतापसिंहांचा काळ १७३९ ते १७६३. म्हणजे इकडे पुण्यात बाळाजी बाजीराव पेशवे होते, पानिपत झालं, साधारण तोच काळ.

हा राजा एकाच देवाला धरून बसणारा नव्हता. नागपट्टणमच्या जवळ नागूरला शाहुल हमीद यांचा प्रसिद्ध दर्गा आहे. तिथले पाच मिनार लांबून दिसतात. त्यांतला सगळ्यात उंच, १३१ फुटांचा मिनार प्रतापसिंहांनी बांधून दिलेला आहे. नीडामंगलममध्ये संतान रामस्वामींचं मंदिर आहे, त्याच्याशीही त्यांचंच नाव जोडलेलं आहे. मूल व्हावं म्हणून जोडपी आजही इथे नवस बोलायला येतात. ‘संतान राम’ हे नावच त्यासाठी.

या मंदिरामुळे यमुनाबाईचं नाव एका अनपेक्षित जागी टिकून राहिलं. कर्नाटक संगीतातले थोर रचनाकार मुत्तुस्वामी दीक्षित (१७७५ ते १८३५) हे जवळच्याच तिरुवारूरचे. ते ज्या क्षेत्री जात, तिथल्या दैवतावर संस्कृतमध्ये कृती रचत आणि रचनेत बहुधा त्या गावाचा उल्लेख करत. नीडामंगलमच्या रामावर त्यांनी हिंदोळवसंत रागात ‘संतान रामस्वामिनम्’ ही कृती रचली. तिच्यात गावाचं नाव येतं ते यमुनांबापुरी. आज चेन्नईत, सिंगापूरमध्ये किंवा अमेरिकेत कुणी ही कृती गातं, तेव्हा एका मराठी राणीचं नाव उच्चारलं जातं. गाणाऱ्यालाही बहुतेक वेळा ते माहीत नसतं.

आता अन्नछत्राकडे येऊ. अक्कलकोट, शेगाव, गोंदवले यांमुळे हा शब्द आपल्या घरातला आहे. तमिळमध्ये त्याला ‘सत्तिरम’ म्हणतात. तंजावरच्या मराठा राजांनी रस्तोरस्ती अशी छत्रं बांधली आणि बऱ्याच छत्रांना घराण्यातल्या स्त्रियांची नावं दिली. नीडामंगलमला यमुनाबाई, मणमेलकुडीला द्रौपदाबाई, मीमिसलला राजकुमारबाई. ओरत्तनाडूला मुक्तांबाळ. ही दुसऱ्या सरफोजीराजांची प्रिय सहचरी. तिच्या नावाचं छत्र १८०२ सालचं आहे. हे रस्ते रामेश्वराकडे, समुद्राकडे जाणारे. काशीहून गंगाजल घेऊन रामेश्वराला निघालेला यात्रेकरू तंजावर मुलुखात शिरला, की पुढे समुद्रापर्यंत त्याच्या मुक्कामाची सोय ठरलेली असे.

आपल्याला वाटतं, छत्र म्हणजे पंगत. तंजावरची छत्रं त्याहून खूप काही होती. ती कशी चालत, हे राजानंच लिहून ठेवलेलं आहे.

सगळं गेलं तरी छत्रं राहू द्या

१७९९ च्या तहानं सरफोजीराजांनी आपलं राज्य ईस्ट इंडिया कंपनीच्या हवाली केलं. त्यांच्याकडे तंजावरचा किल्ला आणि थोडा भोवताल राहिला. महसूल कंपनीकडे, कारभार कंपनीकडे. मग प्रश्न आला छत्रांचा, कारण छत्रांना लावून दिलेल्या जमिनी त्या मुलुखात होत्या. जानेवारी १८०१ मध्ये सरफोजींनी कंपनीचे रेसिडेंट बेंजामिन टॉरिन यांना एक लांब पत्र लिहिलं. मागणी एवढीच : छत्रं माझ्याकडे राहू द्या.

त्या पत्रात छत्रांच्या कामाचं वर्णन आहे. ब्राह्मणापासून अस्पृश्यांपर्यंत सगळ्या जातींच्या वाटसरूंना अन्न मिळतं. जोगी, जंगम, बैरागी, कुणीही येवो. ज्यांना शिजवलेलं चालत नाही, त्यांना कोरडा शिधा दिला जातो. वाढप मध्यरात्रीपर्यंत चालतं. मग घंटा वाजवून, जेवायचं कुणी राहिलं असेल तर या, अशी हाक दिली जाते. वाटेत आजारी पडलेल्याला औषध आणि पथ्याचं अन्न, तेही तो बरा होईपर्यंत. गरोदर बाईची सगळी काळजी छत्रात घेतली जाते. तान्ह्या मुलांना दूध मिळतं. कुणी वाटेतच वारला, तर त्याच्या जातीच्या रीतीप्रमाणे अंत्यविधी होतो. आईबाप गमावलेल्या मुलांना ठेवून घेऊन शिकवलं जातं, कपडालत्ता दिला जातो, आणि हाताला काम येऊन ती मोठी झाली की त्यांच्या लग्नाचा खर्चही छत्र करतं. वेद शिकवणारे, शाळामास्तर, वैद्य हे सगळे छत्राच्या पगारावर.

राज्य गेलेला एक पंचविशीच्या आतबाहेरचा राजा जिंकणाऱ्याला हे लिहितो आहे. सैन्य मागत नाही, किल्ले मागत नाही. वाटसरूला जेवू घालण्याचा अधिकार मागतो आहे. सरफोजी म्हटलं की आपल्याकडे सरस्वती महाल ग्रंथालयाचं नाव घेतात, आणि ते योग्यच आहे. मला विचाराल, तर त्यांच्या कागदांतला सगळ्यात मोठा माणूस या पत्रात भेटतो.

छत्रांचा कारभार आज तंजावरच्या जिल्हाधिकाऱ्यांच्या देखरेखीखाली चालतो. छत्रांच्या मिळकतीतून पुढे शाळा आणि वसतिगृहं चालली.

इंजिन आलं

दुसरे शिवाजीराजे १८५५ मध्ये वारले. मुलगा नव्हता. कंपनीनं राज्य नावालाही उरू दिलं नाही. राजवाड्यातली खासगी मालमत्तासुद्धा जप्त केली. राणी कामाक्षीबाईंनी दावा लावला, तो थेट लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेला आणि १८५९ मध्ये त्या हरल्या. मालमत्ता मात्र १८६२ मध्ये सरकारनं परत दिली.

या दोन सालांच्या मध्ये तंजावरनं आणखी एक गोष्ट पाहिली. ग्रेट सदर्न ऑफ इंडिया रेल्वे या इंग्लंडमधल्या कंपनीनं १८५९ मध्ये नागपट्टणमच्या बाजूनं लोहमार्गाचं काम काढलं. रूळ आणि इंजिनं जहाजानं यायची, तेव्हा बंदराकडून सुरुवात करणं सोयीचं होतं. मुलूख सपाट. अडचण होती ती पाण्याची. कावेरीचे फाटे, कालवे, पाट यांवर ठिकठिकाणी पूल टाकायचे होते. १८६१ मध्ये नागपट्टणम ते तंजावर गाडी सुरू झाली आणि पुढच्या वर्षी ती त्रिचनापल्लीला पोचली. नीडामंगलम या वाटेवरच.

आपल्याकडच्या तारखा शेजारी ठेवून पाहा. बोरीबंदर ते ठाणे गाडी धावली १६ एप्रिल १८५३ रोजी, हे पाठ असतं. पण बोरघाटाचं काम संपून मुंबई ते पुणे सलग गाडी जायला १८६३ उजाडलं. नीडामंगलमच्या शेतकऱ्यानं दारावरून जाणारं इंजिन पाहिलं, तेव्हा मुंबईहून पुण्याला निघालेला प्रवासी घाटात अजून पालखीतच बसत होता.

हा मार्ग सुरू झाला तो ब्रॉडगेज म्हणून, म्हणजे दोन रुळांत साडेपाच फूट अंतर. १८७० च्या दशकात कंपन्यांचं एकत्रीकरण होऊन साउथ इंडियन रेल्वे झाली आणि खर्च वाचवायला तोच मार्ग मीटरगेज केला गेला. रुळांतलं अंतर आलं एक मीटरवर. त्यानंतर सव्वाशे वर्षांहून अधिक काळ इथे छोटी गाडी धावली. आणि मग एकविसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात पुन्हा रूळ उखडून ब्रॉडगेज टाकलं. रुंद, अरुंद, पुन्हा रुंद. घरात मुलांना सांगायला हा किस्सा चांगला आहे : एकाच वाटेवर रेल्वेनं तीनदा रूळ घातले आणि शेवटी पहिल्याच मापावर येऊन थांबली.

गाडी आल्यावर छत्राचं काय झालं असेल, याचा विचार करून पाहा. तंजावर ते नागपट्टणम ही वाट चालत दोन-तीन मुक्कामांची. गाडीनं ती एका दिवसाच्या आतली झाली. सरफोजी स्वतः १८२० च्या दशकाच्या सुरुवातीला काशीला गेले, तेव्हा बरोबर तीनेक हजार माणसं होती आणि प्रवास वर्षांच्या हिशोबात होता. पुढच्या दोन पिढ्यांत तीच माणसं गाठोडं घेऊन डब्यात बसू लागली. मुक्कामच उरला नाही, तर मुक्कामाची जागा कशाला? नीडामंगलमला उतरणारा वाटसरू आता छत्राऐवजी स्टेशनवर थांबू लागला. तिथे बाकडं होतं, सावली होती, पाणी होतं. मध्यरात्री जेवायला बोलावणारी घंटा मात्र नव्हती. स्टेशनवरची घंटा गाडी आल्याचं सांगायची.

या रुळांवरून फक्त यात्रेकरू गेले नाहीत. नागपट्टणमहून ब्रिटिश इंडिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनीची जहाजं पेनांग आणि सिंगापूरला जात. मलायाच्या मळ्यांवर मजुरीला गेलेल्या तमिळ माणसांपैकी पुष्कळ जणांनी हेच बंदर पाहिलं. तंजावर, त्रिची, सेलमकडून आलेली कुटुंबं याच मार्गानं समुद्रापर्यंत गेली असणार. कित्येकांसाठी नीडामंगलमसारखी स्टेशनं ही मायभूमीची शेवटची गावं ठरली. भाताची शेतं, कालवा, प्लॅटफॉर्म आणि मग समुद्र.

पंगत कुणाची

इथे एक कडू गोष्ट सांगायला हवी. ती टाळली, तर गावाचा इतिहास अर्धाच राहील.

ज्या गावात राणीच्या नावानं सगळ्या जातींना अन्न मिळत होतं, त्याच नीडामंगलममध्ये १९३७ मध्ये काँग्रेसची दक्षिण तंजावर परिषद भरली. परिषदेत सार्वजनिक जेवण होतं. आसपासच्या शेतांवर राबणारे काही दलित मजूर पंगतीला बसले. त्यासाठी त्यांना नंतर मारहाण झाली, त्यांची डोकी भादरली गेली. पेरियार रामस्वामींच्या वृत्तपत्रांनी हे प्रकरण लावून धरलं आणि तमिळ मुलुखात त्याचा मोठा गाजावाजा झाला.

छत्रातही पंगती जातीनुसार वेगळ्या असत, हे सरफोजींच्या पत्रातल्या कोरड्या शिध्यावरून कळतंच. रेल्वेनं डब्यात सगळ्यांना एका बाकावर बसवलं खरं, पण स्टेशनांवरच्या उपाहारगृहांत ब्राह्मणांसाठी वेगळी जागा असायची. पेरियार आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्याविरुद्ध मोहीम चालवली, तेव्हा १९४१ मध्ये ती प्रथा उठली. आज स्टेशनवर इडलीचं पार्सल घेताना हे कुणाच्या मनातही येत नाही. ते यावं, असं मला वाटतं.

तुटलेला फाटा, जोडलेला फाटा

नीडामंगलम जंक्शन झालं ते मन्नारगुडीमुळे. मन्नारगुडी हे दक्षिणेला सुमारे १४ किलोमीटरवरचं मोठं गाव. राजगोपालस्वामींच्या भव्य मंदिरासाठी प्रसिद्ध. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात तिथपर्यंत एक फाटा काढला गेला. छोटी गाडी, छोटं अंतर. शाळा-कॉलेजची मुलं, भाताचे व्यापारी, उत्सवाची गर्दी.

१९७० च्या दशकात हा फाटा बंद पडला. रूळ निघाले. मन्नारगुडीकरांना रेल्वे धरायची तर बसनं दुसऱ्या गावी जाणं आलं. छोटे फाटे असे जगभर बंद पडतात. तुमच्या मोबाइलवरही कधीतरी जपानमधल्या क्यू-शिराताकी स्टेशनची गोष्ट आली असेल. होक्काइदो बेटावरच्या, बर्फात बुडालेल्या या स्टेशनाबद्दल, एका शाळकरी मुलीसाठी ते चालू ठेवलं आहे, अशी बातमी जगभर फिरली. ती मुलगी शाळेतून पास होऊन बाहेर पडली आणि मार्च २०१६ मध्ये स्टेशन बंद झालं. गोष्ट गोड होती, म्हणून ती सगळ्यांच्या लक्षात राहिली. बंद पडलेल्या बाकीच्या शेकडो स्टेशनांची आठवण कुणी ठेवत नाही.

मन्नारगुडीच्या बाबतीत उलटं घडलं. तीन दशकांहून अधिक काळ गेल्यावर तोच फाटा ब्रॉडगेजनं पुन्हा बांधला गेला आणि सप्टेंबर २०११ मध्ये मन्नारगुडीहून थेट चेन्नईला जाणारी मन्नै एक्सप्रेस सुरू झाली. त्यानंतर कोइमतूरची चेम्मोळी एक्सप्रेस आली, तिरुपतीची पामणी एक्सप्रेस आली. राजस्थानात जोधपूरजवळच्या भगत की कोठीहून मन्नारगुडीपर्यंत येणारी साप्ताहिक गाडीही आहे. चौदा किलोमीटरच्या तुटक्या फाट्याचं एवढं भाग्य उजळावं, याचं उदाहरण देशात शोधावं लागेल. एकदा उखडलेले रूळ परत येत नाहीत, असं आपण धरूनच चालतो. विदर्भातल्या शकुंतला रेल्वेसाठी झगडणाऱ्यांनी हे उदाहरण जवळ ठेवायला हरकत नाही.

नीडामंगलमला मात्र या भाग्याची किंमत मोजावी लागते. मन्नारगुडीच्या गाड्यांचं इंजिन इथे एका टोकाकडून काढून दुसऱ्या टोकाला लावावं लागतं. तेवढा वेळ फाटक बंद. आणि हे फाटक आहे तंजावर-नागपट्टणम महामार्गावर, गावाच्या ऐन मध्ये. त्यात मालगाड्या. रुग्णवाहिका, शाळेच्या बस, लग्नाची वऱ्हाडं, वेलांकण्णीला पायी निघालेले भाविक, सगळे एका आडव्या दांड्यासमोर उभे. उड्डाणपुलासाठी गावानं वर्षानुवर्षं अर्ज केले, आंदोलनं केली. तमिळ वृत्तपत्रांत नीडामंगलम हे नाव दिसलं, की बातमी बहुधा दोनांपैकी एक असते : फाटक किंवा भात.

भाताची गाडी

भाताचं कारण नकाशात आहे. कावेरीचा वेण्णारु हा फाटा कल्लणै धरणापासून निघतो आणि नीडामंगलमजवळ येऊन तीन वाटांना लागतो : वेण्णारु, कोरैयारु आणि पामणियारु. लोक त्या जागेला तीन नद्यांचं मुख म्हणतात. तिथल्या दारांतून पाणी वाटलं जातं आणि पुढची हजारो एकर शेती भिजते. कुरुवै, सांबा, ताळडी हे इथले भाताचे हंगाम.

शेतकऱ्यांचं भात सरकारी खरेदी केंद्रांवर मोजलं जातं, पोत्यांत भरून लॉरीतून नीडामंगलमच्या मालधक्क्यावर येतं आणि तिथून मालगाडीनं दूरच्या जिल्ह्यांतल्या गिरण्यांना भरडायला जातं. एका गाडीत साधारण २००० टन. हंगामात लॉऱ्यांची रांग रस्त्यावर येते. हमाल पाठीवर पोतं घेऊन वॅगनच्या फळीवरून वर चढतात, रिकामे उतरतात, पुन्हा चढतात. प्रवाशांच्या बाजूचा प्लॅटफॉर्म दुपारी पेंगत असतो, तेव्हाही हा धक्का जागा असतो. तमिळनाडूतल्या रेशन दुकानातल्या तांदळाचा एक मोठा हिस्सा अशाच डेल्टातल्या धक्क्यांवरून निघतो. छत्र गेलं, तरी या गावानं इतरांना जेवू घालणं सोडलेलं नाही, असं म्हणायचा मोह होतो. पण धक्क्यावर उभं राहिलं की पहिल्यांदा दिसते ती हमालांची पाठ.

आणखी एका गोष्टीसाठी हे गाव संगीतप्रेमींना माहीत आहे. नीडामंगलम मीनाक्षीसुंदरम पिळ्ळै (१८९४ ते १९४९) हे तविलचे फार मोठे वादक. नागस्वरमच्या साथीला वाजतं ते तविल. एका तोंडावर काठी आणि दुसऱ्यावर टोप्या चढवलेली बोटं. दक्षिणेत कलाकाराच्या नावाआधी गावाचं नाव लागतं, त्यामुळे स्टेशनच्या पाटीवरचं नाव कित्येक वर्षं कचेरीच्या जाहिरातींतही छापलं गेलं. या मुलुखात मैफलीला कचेरी म्हणतात, हे जाता जाता.

जायचं असेल तर

महाराष्ट्रातून जाणाऱ्यानं आधी तंजावर गाठावं. बृहदीश्वर मंदिर, राजवाडा, सरस्वती महाल हे सगळे बघतातच. तिथून अर्ध्या दिवसाची सवड काढली, तर नीडामंगलम सहज होतं. सकाळची पॅसेंजर पकडा, एक्सप्रेस नको. एक्सप्रेस मधली गावं दाखवत नाही. कोविलवेण्णीला गाडी थांबली, की मुलांना सांगा : इथेच वेण्णीच्या रणांगणावर करिकाल चोळ राजानं आपल्या शत्रूंचा मोठा पराभव केला, असं प्राचीन तमिळ काव्यं सांगतात. इथल्या शिवाचं नाव करुंबेश्वर, म्हणजे उसाचा ईश्वर. मधुमेह असलेले लोक त्याला साखर वाहतात. आजीआजोबा बरोबर असतील, तर गप्पांना विषय मिळेल.

नीडामंगलमला गुरुवारी उतरलात, तर गर्दी भेटेल. जवळच आलंगुडीला गुरू ग्रहाचं प्रसिद्ध क्षेत्र आहे, तिकडे जाणारे पुष्कळ जण इथूनच बस धरतात. त्यांच्याबरोबर वाहून जाऊ नका. आधी संतान रामाचं दर्शन घ्या. मग यमुनाबाईच्या छत्राची चौकशी करा. जुन्या इमारतीनं काळाचा मार सोसलेला आहे, तेव्हा तंजावरच्या राजवाड्यासारखं काही बघायला मिळेल अशी अपेक्षा ठेवू नका. तिकीटघर नाही, वाटाड्या नाही. हिंदी फारशी चालणार नाही, इंग्रजी थोडी चालेल. तमिळमधलं एक वाक्य पाठ केलंत तर बरं : ‘सत्तिरम एंगे इरुक्कु?’ म्हणजे, छत्र कुठे आहे? फाटक बंद असेल, तर गर्दीत उभ्या असलेल्या एखाद्या म्हाताऱ्या माणसालाच विचारा. त्यालाही वेळ असेल आणि तुम्हालाही.